ज्वालामुखीपायी अडलेली सोयरीक

"काका, हा ज्वालामुखी जिवंत आहे का हो?"

लोणारच्या विवराच्या काठावर पंचवीसएक वर्षं मी गाईड म्हणून उभा राहिलो, आणि या प्रश्नाशिवाय माझा एकही दिवस गेला नाही. कुणी भीत भीत विचारायचं, कुणी आशेने. आशेने विचारणारे जास्त. इतक्या लांबून गाडी काढून आलो, तर निदान थोडा धूर तरी दिसावा, असं माणसाला वाटतंच.

ज्यांनी लोणार पाहिलं नाही त्यांना थोडं सांगतो. सपाट काळी जमीन चालता चालता एकदम संपते आणि पायापुढे एक भलामोठा गोल खड्डा येतो. इतका गोल की कुणी दोरी धरून आखला असावा. उतारावर साग, बाभूळ, सीताफळीचं जंगल, तळाला हिरवट खाऱ्या पाण्याचं तळं आणि तळ्याच्या काठाला कमळजा देवीचं देऊळ. हजारो वर्षांपूर्वी आकाशातून एक दगड इथे आदळला आणि हा खड्डा झाला. पूर्वी भलेभले शिकलेले लोकही याला ज्वालामुखीच समजायचे. त्यांचंही फार चुकलं नव्हतं, कारण आपल्या भागातला काळा दगड सगळा लाव्ह्याचाच. म्हणजे दगड ज्वालामुखीचा, खड्डा मात्र वरून आलेल्या पाहुण्याचा.

आता आमच्या धंद्यातली खरी अडचण ऐका. विवरात उतरायला तासभर लागतो, चढायला त्याहून जास्त. लोकांना वाटतं चढणं अवघड. अवघड असतं ते उतरणं. चढताना माणूस दमतो म्हणून गुमान चालतो. उतरताना त्याच्यात जोर असतो, बडबड असते, फोटो असतात, आणि पायाखाली सुटी खडी असते. पडणारा माणूस नेहमी उतरतानाच पडतो. म्हणून ज्याचा आवाज सगळ्यात मोठा त्याला मी माझ्या लगेच मागे घ्यायचो आणि जो काहीच बोलत नाही त्याला सगळ्यात शेवटी ठेवायचो, कारण तो बरोबर पाहून चालतो. चामड्याच्या गुळगुळीत चपलेला मी वरूनच हात जोडायचो. वांदरांपुढे पिशवी उघडायची नाही, एवढा एक कायदा.

आणि लोकांनी पायाखाली पाहून, एकमेकांना धरून उतरावं म्हणून मी एक युक्ती काढली होती. उतरताना मी ज्वालामुखीची गोष्ट सांगायचो.

"हळू चाला. झोपलेला आहे," असं म्हणायचो. अर्ध्या वाटेवर निंबाखाली एक सपाट दगड आहे, तिथे सगळ्यांना थांबवायचो. तिथून पुढे तळ्याचा वास येऊ लागतो, सडक्या अंड्यासारखा. "येतो ना वास? तो त्याचा श्वास. आणि इथे वारा का लागत नाही, ठाऊक आहे? तोही दम धरून आहे." यानंतर चाळीस जणांची सहल असली तरी खाली जाईपर्यंत पाला वाजल्याचा आवाज ऐकू यायचा. मग तळ्याच्या काठावर बसवून, सगळ्यांनी श्वास घेतला की खरी गोष्ट सांगायची. ज्वालामुखी नाही, आकाशातला दगड. लोक आधी हसायचे, मग वर आभाळाकडे पाहायचे. शेवटी मी खिशातली हळदीची पुडी काढायचो. प्रत्येकाच्या ओल्या तळहातावर चिमूटभर हळद टाकली की ती बघता बघता लाल होते. पाण्यात खार आहे म्हणून. लहान मुलं तर किंचाळायची. अर्धी गोष्ट उतारावर, अर्धी काठावर, हा माझा रिवाज. यात माझ्या सहलीतला एकही माणूस कधी जायबंदी झाला नाही, हे मी जरा छाती फुगवूनच सांगतो.

गोष्ट लागू पडायची ती कधी कधी जास्तच. अकोल्याचे दोन मित्र एकदा डब्यात कच्ची अंडी घेऊन आले होते, ज्वालामुखीवर उकडायला. खाली पोचल्यावर खरं ऐकलं तेव्हा त्यांचं तोंड असं उतरलं की मलाच वाईट वाटलं. ती अंडी मी घरी नेऊन बायकोकडून उकडून घेतली आणि मीठ लावून त्यांना खाऊ घातली. एक गृहस्थ तर सबंध उतार कुजबुजत बोलले, आणि बायको मोठ्याने शिंकली तेव्हा तिच्यावर इतके चिडले की ती परतीच्या वाटेत त्यांच्याशी बोलली नाही.

ही युक्ती माझ्यावरच उलटली ती आमच्या पल्लवीच्या वेळी.

पल्लवी माझी एकुलती एक लेक. बी.एस्सी. झालेली, गावातल्या शिकवणीत गणित शिकवायची. विवरातली वाट तिला माझ्यापेक्षा चांगली ठाऊक. धामणगाव बढ्याहून तिला पाहायला पाहुणे आले. मुलगा निलेश, शाळेत मास्तर. सोबत त्याचे आईवडील आणि वडिलांची थोरली बहीण, कौसल्याबाई. सगळे त्यांना आत्याबाई म्हणत. ऐन तरुणपणी नवरा गेला तेव्हा त्या माहेरी आल्या आणि तेव्हापासून ते घर त्यांनीच चालवलं. निलेशला त्यांनीच वाढवलेला. त्या नाही म्हणाल्या की त्या घरात पान हलत नाही, हे आम्हाला आधीच कळलं होतं.

पाहणं छान झालं. वांग्याचं भरीत, पोळी, शिरा असं जेवण झालं. निलेशने पल्लवीला एकच प्रश्न विचारला, गणितच का घेतलं म्हणून, आणि तिने उत्तर द्यायच्या आधी दोघंही हसले. शोभाने, म्हणजे माझ्या बायकोने, हळदीकुंकवाची थाळी फिरवली. थाळी जवळ यायच्या आधीच आत्याबाई उठून दाराशी जाऊन उभ्या राहिल्या आणि अंगणातल्या तुळशीकडे पाहू लागल्या. थाळी त्यांच्यावरून पुढे गेली. ते मी पाहिलं, पण मनात ठेवलं नाही.

मग निलेशचे वडील म्हणाले, "आता एवढ्या दूर आलो, तं तळं पाहूनच जाऊ. गाईड घरचाच आहे."

खरं तर मी त्यांना नुसत्या वरच्या काठावर नेणार होतो. पण ते उतरू लागले, आणि माझे पाय उताराला लागले की जीभ आपोआप सुरू होते. बैल जसा ओळखीच्या वावराकडे वळतो तसा मी ज्वालामुखीकडे वळलो. झोपला आहे म्हणालो, श्वास म्हणालो. निंबाखालच्या दगडावर थांबवून, व्याह्यांसमोर जरा जास्तच रंगात येऊन म्हणालो, "तो जागा झाला तं वर चढाले टाइम भेटन का नाही, हे देवालेच ठाऊक."

आत्याबाईंनी पदर नाकाला लावला. खाली तळ्याकडे पाहिलं. वर आमच्या गावाकडे पाहिलं.

"निलेश, चाल वापस," त्या म्हणाल्या.

मला वाटलं दमल्या. मोठं माणूस वळलं की सगळे वळतात, आम्हीही वळलो. उरलेली अर्धी गोष्ट माझ्या तोंडातच राहिली. वर येऊन चहा झाला, "कळवतो" म्हणून पाहुणे गाडीत बसले. निलेशने जाताना मागे वळून दोनदा पाहिलं. शोभाने त्याच रात्री मनातल्या मनात साड्या वाटून टाकल्या.

तिसऱ्या दिवशी निलेशच्या वडिलांचा फोन आला. आवाज पडलेला. "दिगंबरभाऊ, पोरगी आमाले लाख पसंत आहे. पण आत्याबाई म्हन्ते, पेटत्या डोंगरावरच्या गावात सोयरीक नोको. पोरगा सासुरवाडीले जाईन, सून बाळंतपणाले माहेरी जाईन, लेकरं दिवाळीले जातीन. अन् एखाद्या दिवशी डोंगर फुटला तं?"

मी फोनवर हसायला लागलो. मग लक्षात आलं की पलीकडे कुणी हसत नाही.

पल्लवीला सांगितलं तेव्हा ती पोरांच्या वह्या तपासत होती. तिने पेन खाली ठेवलं. "बाबा, तुमी रोज सगळ्या दुनियेले पूर्ण गोठ सांगता. माह्याच टायमाले अर्धी काऊन सांगतली?"

त्यानंतर दोन दिवस तिने मला वेळेवर वाढलं, पाणी दिलं, पण बोलली नाही. आधी आलेल्या स्थळांना ती 'तुमी म्हनसान तसं' म्हणायची. या वेळी तिला स्वतःला हवं होतं, एवढं बापाला कळतं. आणि ते मी माझ्या तोंडाने घालवलं होतं. मला फार लाज वाटली. तिसऱ्या दिवशी पहाटेच्या एसटीने मी एकटा निघालो. मेहकर, चिखली, बुलढाणा, मग घाट उतरून मोताळा आणि धामणगाव. वाटेत सबंध वेळ मी वाक्यं जुळवत होतो.

आत्याबाई ओसरीवर तुरीच्या शेंगा सोलत बसल्या होत्या. मी सांगायला लागलो की तो ज्वालामुखी नाही, वरून दगड पडला होता. निलेशनेही फोन पुढे केला. "आत्या, पाह्य ना, याच्यात लिहेल आहे."

"तो फोन लोनारात राह्यते का?" आत्याबाईंनी विचारलं. "हा मानूस राह्यते. अन् हा पोरीचा बाप आहे. पोरीचा बाप घरातलं वाकडं झाकून ठेवते. यानं सोताच्या तोंडानं सांगतलं, तं ते खरंच असन. खरं म्हनशीन तं त्याच्याहून जास्तच असन."

इतका पक्का मुद्दा मी आयुष्यात ऐकला नव्हता. मी म्हणालो, "आत्याबाई, ते मी उगाच सांगतलं होतं."

"तवा उगाच सांगतलं का आता उगाच सांगून राह्यले?"

त्यांनी दहाबारा शेंगा सोलल्या. मग म्हणाल्या, "मी येतो. पार खालपर्यंत उतरतो. सोताच्या हातानं पानी पाह्यतो. गरम लागलं तं सोयरीक नाही, थंड लागलं तं पाहू."

मी तर उड्या मारत घरी आलो. दिवस मार्गशीर्षाचे, थंडी कडाक्याची. सकाळी त्या तळ्यात बोट घातलं तर कळ येते. मी निलेशला बजावून सांगितलं, काही करा पण आठाच्या आत पोचा. तो म्हणाला, तीनलाच निघतो.

निघाले ते तीनलाच. चिखलीजवळ जीपचं चाक बसलं. दुसरं काढलं तर त्यातही हवा नव्हती. लोणारला पोचले तेव्हा बाराचं ऊन डोक्यावर. विवरात वारा लागत नाही हे मी लोकांना इतकी वर्षं रंगवून सांगत आलो होतो, ते त्या दिवशी अगदी खरं होतं. काठचं उथळ पाणी उन्हात चांगलं तापलं असणार, हे मला ठाऊक होतं आणि पल्लवीलाही ठाऊक होतं. आम्ही एकमेकांकडे पाहिलं. "आत्याबाई, आज दमल्या असान. उद्या सकाळी उतरू," मी म्हणालो.

"काऊन? सकाळी थंड राह्यते अन् दुपारी गरम होते का?"

निलेशच्या आईवडिलांना शोभासोबत वर ठेवून आम्ही चौघं उतरू लागलो. मी पुढे, माझ्या मागे आत्याबाई, मग पल्लवी, शेवटी निलेश. त्या दिवशी मी गोष्ट सांगितली नाही. फक्त "इथे पाय आडवा टाका", "या दगडाले धरा", "हा हालते, याच्यावर नोको", एवढंच बोलत होतो. जिथे खडी सुटी होती तिथे वळून हात दिला. आधी त्या हात धरायला तयार नव्हत्या. दुसऱ्या वळणानंतर त्यांनी न मागता धरला.

निंबाखालच्या दगडापाशी त्या थांबल्या. "मांगच्या टायमाले मी इथूनच फिरली." क्षणभर दम घेतला आणि पदर न लावताच पुढे पाऊल टाकलं.

काठावर पोचलो. कमळजा मायच्या देवळाबाहेरून त्यांनी हात जोडले, चपला काढल्या आणि सरळ जाऊन पाण्यात हात घातला. आम्ही तिघं मागे उभे. मोर ओरडत होता, तोही मला नकोसा झाला.

"कोमट आहे," आत्याबाई म्हणाल्या.

"आत्या, ते ऊन..." निलेश म्हणाला.

"तू गप."

हात पाण्यातच ठेवून त्यांनी माझ्याकडे पाहिलं. आणि इतका वेळ जुळवलेली सगळी वाक्यं माझ्या डोक्यातून गेली. मी त्यांच्या शेजारी खाली बसलो.

"आत्याबाई, मी खोटं बोललो. त्या एका दिवशी नाही, रोज बोलतो. लोकाईनं पायाखाली पाहून चालावं म्हून भेव दाखवतो अन् खाली आले का खरं सांगतो. तुमी अर्ध्यातून वापस गेल्या. माह्या लेकीचं चांगलं समोर उभं होतं अन् मले जीभ आवरता आली नाही. चूक माही आहे. तिची नाही, अन् या डोंगराची बी नाही."

त्यांनी विचारलं, "मंग एवढा खड्डा कायनं झाला?"

"वरून दगड पडला. लय मोठा. जवा पडला तवा इथं काहीच उरलं नसन. झाड नाही, पाखरू नाही. सगळं जळून गेलं असन."

"अन् आता?"

"आता काही नाही. जे पडायचं होतं ते पडून गेलं, आत्याबाई. मंग पानी साचलं. झाडं आली. मोर आले. देवी आली."

त्या तळ्याकडे पाहत राहिल्या. मग म्हणाल्या, "हाव. पडून गेलेल्याचं आता काय भेव," आणि हात पाण्याबाहेर काढला. तळवा वर, ओला.

आता सवय कशी असते पाहा. गोष्ट संपली, समोर ओला तळहात आला, आणि माझा हात खिशात गेला. पुडी काढली, चिमूटभर हळद त्यांच्या तळहातावर टाकली. टाकली आणि मग माझ्या डोक्यात उजेड पडला. आमच्या घरची थाळी आठवली, दाराशी उभ्या राहिलेल्या आत्याबाई आठवल्या. इतकी वर्षं ज्या बाईच्या हाताला कुणी हळद लावली नव्हती, तिच्या हातावर मी हळद ठेवून मोकळा झालो होतो. माझी खात्री झाली की आता सगळं संपलं.

आत्याबाईंनी हात झटकला नाही. हळद ओली होत गेली, कडेने तपकिरी झाली, आणि मग सगळा तळवा लाल झाला. त्या टक लावून पाहत होत्या.

"माही माय घरी कुंकू करे," त्या हळूच म्हणाल्या. "हळदीत चुना कालवून. असंच लाल होये. मी तवा उलसक पोर होती."

पल्लवी पुढे आली आणि त्यांच्यासमोर गुडघ्यांवर बसली. "आत्या, लावा ना मले."

"म्या? नाही बाप्पा. म्या कशी लाविन? वर तुही माय आहे, तिच्या हातानं..."

"हे कुंकू कुठं आहे? हळद आहे. बाबाच्या खिशातली." आणि तिने कपाळ पुढे केलं.

आमच्याकडे मुलाकडच्या बाईने मुलीला कुंकू लावलं की सोयरीक पक्की. ते कुंकू कोण लावतं, याच्यावरून घराघरांत रुसवे होतात. आत्याबाईंनी निलेशकडे पाहिलं. त्याने मान हलवली. मग आत्याबाईंनी उजव्या हाताचं बोट डाव्या तळहातावर फिरवलं आणि माझ्या लेकीच्या कपाळावर टेकवलं. टिकली जरा वाकडीच लागली. मी रडलो. लपवलं नाही. गाईडला रडताना पाहायला तिथे तसं दुसरं गिऱ्हाईक कुणी नव्हतं.

चढताना पल्लवीला घाम आला आणि ती टिकली फिकी पडत गेली. उन्हाघामाने लाल रंग टिकत नाही, पुन्हा हळदच उरते, हे आम्हा गाईडांना ठाऊक असतं. वर पोचेपर्यंत कपाळावर नुसता पिवळा डाग. काठावर निलेशचे आईवडील आणि शोभा जीव मुठीत धरून उभे. शोभाने लेकीचं कपाळ पाहिलं. "हे काय पिवळं?"

"खाली लाल होतं," आत्याबाई म्हणाल्या. "म्या पाह्यलं. साक्षगंधाचा दिवस काढा."

लग्न दणक्यात झालं. त्या दिवसापासून मी उतारावर ज्वालामुखी सांगणं सोडलं. वरच, उतरायच्या आधी, सगळं खरं सांगून टाकायचो. लोक पूर्वीपेक्षा जास्त बडबडत उतरायला लागले, माझी राखण वाढली, आणि निंबाखालच्या दगडावर ते थिजलेले चेहरे पाहण्याची मजा गेली. ती मजा आठवते अजून, खोटं कशाला बोलू. आता तर बोलायची सोयच राहिली नाही.

फक्त एका गिऱ्हाइकाला मी जुनी गोष्ट सांगत आलो. दरवर्षी मार्गशीर्षात आत्याबाई पल्लवी-निलेशसोबत लोणारला यायच्या आणि उतारावर पाय ठेवला की म्हणायच्या, "करा सुरू. पयली अर्धी बी सांगा. मले भेव वाटलं पाह्यजे." मी सांगायचो. निंबाखाली वास आला की त्या निलेशच्या दंडाला धरायच्या, आणि मग पोट धरून हसायच्या.

गेल्या मार्गशीर्षात मी शेवटचा उतरलो. गुडघ्यांनी जवाब दिला आहे, डॉक्टरने पायऱ्यासुद्धा मोजून चढायला सांगितलं आहे. आत्याबाईंनाही आता काठी लागते. "मंग दोघंबी शेवटचं उतरू," त्या म्हणाल्या. पल्लवीची चार वर्षांची पोरगी निलेशच्या खांद्यावर. आम्हाला खाली पोचायला दोन तास लागले. पाणी वाढलं आहे आता, काठ वर सरकला आहे, जुनी बसायची जागा बुडाली. नवीन काठावर बसलो. हळद मी विसरलो होतो. इतक्या वर्षांत पहिल्यांदा. आत्याबाईंनी कनवटीची पुडी काढून माझ्यापुढे धरली.

त्यांचा ओला तळहात लाल झाला. त्यांनी पल्लवीला लावलं. नातीला लावलं, ती हसून मागे सरली म्हणून पुन्हा लावलं. बोटावर थोडं उरलं होतं. त्यांनी बोटाकडे पाहिलं, मग समोरच्या पाण्याकडे.

"इथं खाली कोन पाह्यते," त्या म्हणाल्या, आणि ते बोट त्यांनी स्वतःच्या कपाळाला लावलं.

नातीने टाळ्या वाजवल्या.

चढायला संध्याकाळ झाली. थांबत, बसत, घाम पुसत वर आलो तेव्हा आत्याबाईंच्या कपाळावर लाल काही नव्हतं. पिवळी खूण तेवढी, ती पण पुसट. पाहणाऱ्याला वाटावं, मावळतीचं ऊन पडलं आहे. घरी आलो. लेक माहेरी आली म्हणून शोभा दारात थाळी घेऊन उभीच होती. तिने पल्लवीला लावलं, नातीला लावलं. आत्याबाई नेहमीसारख्या बाजूला होऊन तुळशीकडे निघाल्या. शोभाने त्यांच्या कपाळाकडे पाहिलं. पिवळी खूण खालून येताना काय असते, हे तिला पल्लवीच्या वेळीच कळलं होतं.

"आत्याबाई," ती म्हणाली, आणि थाळी त्यांच्यापुढे धरून थांबली.

आत्याबाईंनी तुळशीकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं. मग काठी भिंतीला टेकवली आणि कपाळ पुढे केलं.